मंगळवार पेठेचा एकुलता एक धनुर्धर

कोल्हापुरात पैलवान पोत्यानं मिळतात, आणि कधीच फुटबॉलला लाथ न मारलेला माणूस शोधायचा तर दिवस मोडतो. धनुर्धर मात्र आमच्या मंगळवार पेठेत आजवर एकच होऊन गेला, आणि तो मी. तेव्हा माझी साठी जवळ आली होती, गुळाच्या अडत दुकानातून मी नुकताच रिटायर झालो होतो आणि माझ्याकडं धनुष्य नव्हतं. मोबाइल होता.

तो मोबाइलही खरं म्हणजे माझा नव्हता. आमची एकुलती एक लेक सुनीता पुण्याला दिलेली. तिचं पहिलं बाळंतपण रीतीप्रमाणं माहेरी, आमच्या घरी झालं. दुसऱ्या वेळेपर्यंत थोरला नातू शाळेत जाऊ लागला होता. त्याची शाळा बुडवून लेक माहेरी येणार कशी? मग माहेरच पुण्याला जायचं ठरलं. माहेर म्हणजे माझी बायको, शालन. (बाप माहेरात धरत नाहीत. तो माहेराचं कुलूप असतो, घरीच राहतो.) जावयांनी स्वतःचा जुना मोबाइल माझ्यासाठी पाठवून दिला आणि तो कसा वापरायचा याचे नियम शालननं मला एस्टीच्या खिडकीतून सांगितले.

"हे बगा, रोज दिवं लागलं की मी सुनीच्या फोनवरनं मिस कॉल दीन. तुमी जेवलाखाल्ला असाल, सगळं बरं असंल, तर कट करायचा. मला कळंल."

"आन बरं नसंल तर?"

"दुखलंखुपलं, न्हाईतर करमंना झालं, तर हात लावायचा न्हाई. वाजू द्यायचा. मी मग जावयांच्या घरातल्या मोठ्या तारंच्या फोनवरनं लावीन."

"आन उचलला तर?"

"उचलला तर फुकटचं पैसं जातील! उचलाल बिचलाल!"

एस्टी सुटली. त्या काळी सगळा महाराष्ट्र असाच मिस कॉलवर बोलत होता, त्यामुळं नियमात मला काही वावगं वाटलं नाही. एस्टी वळणाआड गेली तरी मी मात्र हात हलवतच राहिलो. शेवटी मागच्या एस्टीच्या ड्रायव्हरनं हॉर्न वाजवला तेव्हा बाजूला झालो.

पहिला आठवडा मी फोन रोज वाजू दिला. वाजून थांबला की लगेच शालनचा मोठ्या फोनवरून फोन यायचा.

"काय झालं वं?"

इथं एक अडचण होती. 'करमत नाही' हे शब्द कोल्हापूरच्या पुरुषाच्या तोंडातून बाहेर पडत नाहीत. बैलानं पाय दिला आणि नडगी मोडली तरी आम्ही 'काय न्हाई, जरा मुका मार हाय' असंच म्हणतो. मग काहीतरी विचारायला पाहिजे म्हणून मी विचारायचो, "मीठ कुठं हाय?"

"डब्यात की!"

दुसऱ्या दिवशी मी हिंग विचारला. त्यानंतर गाळणं. असं करत करत फडताळ संपलं आणि मी पुन्हा मिठावर आलो, तेव्हा ती कातावली.

"येवढ्यासाठनं वाजू द्यायचा व्हय? हितं पोरगी आज-उद्यावर आलीया, आन फोन वाजत ऱ्हायला की माझ्या काळजाचं पाणी हुतंय! काय दुखत नसंल तर कट करत जावा की!"

झालं! मी कट करू लागलो. फोन एकदा किणकिणला की लाल बटण, आणि मग उद्याच्या संध्याकाळपर्यंत घरात माझ्याशिवाय आवाज करणारं कुणी नाही. एक ताट, एक वाटी, एक तांब्या घासायला वेळ तो किती लागणार? पेपर मी मोठ्यानं वाचू लागलो, निदान घराला तरी बातम्या कळाव्यात म्हणून. गॅसवाला आला तेव्हा त्याला बसवून घेतलं, चहा पाजला, त्याच्या गावची, गावातल्या यात्रेची, यात्रेतल्या कुस्त्यांची चौकशी केली. पुढच्या खेपेला त्यानं सिलिंडर जिन्याखालीच ठेवून पोबारा केला. मला शालनची आठवण येत होती. पण हे सांगणार कुणाला? मीठ कुठं आहे ते आता मला माहीत होतं.

अशाच एका दुपारी मोबाइलचा आवाज बारीक करायला म्हणून मी बटणं दाबत गेलो. एक उघडलं, दुसरं उघडलं, आणि पडद्यावर धनुष्य आलं! डावीकडं एक काडीएवढा माणूस, हातात कमान. उजवीकडं लांब एक गोल पाटी, मधोमध पिवळा ठिपका. पाचाचं बटण दाबून धरलं की काडीमाणूस दोरी ओढायचा. सोडलं की बाण सुटायचा. मी सोडला. बाण माझ्याच पायाशी गवतात पडला आणि पडद्यावर अक्षरं आली, 'ट्राय अगेन'. माझं इंग्रजी यथातथाच, पण अपमान कुठल्याही भाषेतला कळतो.

मी पुन्हा सोडला. गवतात. पुन्हा. ढगात. एकदा तर तो मागं गेल्यासारखा वाटला! संध्याकाळ कधी झाली ते कळलंच नाही, आणि संध्याकाळ झालेली कळली नाही ही त्या काळातली माझ्या आयुष्यातली सगळ्यात मोठी घटना होती.

त्याच संध्याकाळी माझा बाण पहिल्यांदा पाटीला लागला. निळ्या रंगात लागला, पण लागला! मी दुसरा बाण ओढतोय, दोरी ताणली आहे, काडीमाणसाचा हात थरथरतोय, आणि फोन वाजला. शालनचा मिस कॉल! मी गोंधळून बघत राहिलो तेवढ्यात तो वाजून थांबला आणि खेळ गायब. निळा बाण गेला, सगळं गेलं. मागोमाग शालनचा मोठ्या फोनवरून फोन आला, तर 'हात अडकलं हुतं' असं सांगून मी सुटलो. दुसऱ्या दिवशी मी शहाणा झालो. फोन वाजल्या वाजल्या, पहिलं 'किण' पुरं व्हायच्या आत कट केला, तर खेळ जागच्या जागी थांबून राहत होता! मग मी इतक्या चपळाईनं कट करू लागलो की काय सांगावं. तिकडं पुण्यात शालनला काय वाटत असेल, असा विचार माझ्या डोक्यात आला नाही. डोक्यात तेव्हा फक्त पिवळा ठिपका होता.

आता कोल्हापुरात कुठलीही गोष्ट एकट्यानं शिकता येत नाही. सायकलीचं पंक्चर काढायचं असलं तरी वस्ताद करावा लागतो. आमच्या गल्लीच्या तोंडाशी तालीम, आणि तालमीच्या कट्ट्यावर दत्तू वस्ताद. उमेदीत गडी आडदांड होता. आता पोट पुढं आणि कान चुरगळलेले, पण आवाज मैदानाचा. मी कट्ट्यावर बसून बटण दाबत होतो.

"काय करालाय आण्णा?"

"नेम धरालोय."

वस्तादांनी फोन हातात घेतला, उलटा केला, वास घेतला आणि परत दिला. "मारून दावा बगू."

मी मारला. ढगात.

"आवं, ही काय बैठक झाली? गुडघं दुमडलेलं, कंबर ढिली! बाण कंबरंतनं सुटतोय!" त्यांनी मला उभं केलं. डावा पाय पुढं, उजवा मागं, छाती बाहेर. येणारी-जाणारी माणसं थांबून बघू लागली. एक बाई पोराला म्हणाली, "बघू नगंस तिकडं."

दुसऱ्या दिवसापासून माझी मेहनत सुरू झाली. वस्तादांच्या मते सगळा जोर अंगठ्यात पाहिजे, आणि अंगठ्याला खुराक पाहिजे. रोज सकाळी ते माझ्या उजव्या अंगठ्याला बदामतेलानं मालीश करू लागले. अंगठा इतका तुकतुकीत झाला की पाचावर ठेवला तर आठावर घसरायचा! मग वारा. खेळात वरच्या कोपऱ्यात एक बारकी पट्टी होती, वारा डावीकडून की उजवीकडून ते दाखवणारी. वस्तादांनी ती बघितली आणि उठून तालमीतला पंखा बंद केला.

"वस्ताद, ह्यो वारा फोनातला हाय."

"वारा तो वाराच! फोनातला काय आन भाईरचा काय! खिडकी लावा रं ती!"

तेव्हा उन्हाळा लागला होता. बंद खोलीत घामानं निथळत, डावा पाय पुढं टाकून मी वाऱ्याच्या विरुद्ध बाजूला एकेक पाऊल सरकत नेम धरायचो. भिंत आडवी आली की वस्ताद म्हणायचे, "आता सोडा!"

आणि गंमत म्हणजे माझा नेम सुधारला! वस्तादांमुळं नव्हे. (हे मी त्यांना कधी सांगितलेलं नाही, तुम्हीही सांगू नका.) हजार बाण गवतात घातल्यावर माणसाला आपोआप कळतं. दोरी ताणून फार वेळ धरली की काडीमाणूस थरथरतो, म्हणून पुरी ताणली की लगेच सोडायची. नेम ठिपक्यावर धरायचाच नाही, थोडा वर धरायचा, कारण बाण वाटेत वाकतो. आणि वारा समोरून असला तर नेम आणखी वर घ्यायचा, पाठीमागून असला तर खाली. एवढं जमलं आणि बाण पिवळ्यात बसू लागले. कुणाला तरी दाखवावं म्हणून मी फोन घेऊन स्वयंपाकघरात गेलो. गॅसपाशी कुणी नव्हतं. मी थोडा वेळ उभा राहिलो आणि परत आलो.

मधल्या काळात नात झाली. बारशाला मी पुण्याला जाऊन आलो, पण घर व्याह्यांच्या माणसांनी गच्च भरलेलं. बायका आत, पुरुष बाहेर सतरंजीवर. शालन घुगऱ्यांचं ताट घेऊन बाहेर आली तेवढीच गाठ पडली.

"बरं हाय न्हवं?" ती म्हणाली.

"हाय."

"घ्या की घुगऱ्या."

मी घुगऱ्या घेतल्या. एवढंच आमचं बोलणं झालं. सव्वा महिना झाला की ती परत येणारच होती, म्हणून मी घाई केली नाही. सव्वा महिना झाला. ती आली नाही. थोरल्याची परीक्षा निघाली. परीक्षा संपली. मग बाळाला सर्दी झाली. मी आपला रोज संध्याकाळी विजेच्या वेगानं कट करत होतो आणि रोज रात्री एकच ताट घासत होतो.

इकडं दत्तू वस्तादांच्या तोंडाला कुलूप नव्हतं. शिवाजी पेठेत कुणाच्या तरी लग्नात ते बोलून गेले, "आमच्या आण्णांसारखा नेम अख्ख्या कोल्हापुरात न्हाई!" शिवाजी पेठेनं असलं ऐकून घेतलंय कधी? त्यांनी गणू मास्तर पुढं केले. रिटायर ड्रॉइंग मास्तर. आयुष्यभर कंपास न घेता फळ्यावर गोल काढलेले. हात असा स्थिर की चहाच्या कपात तरंग उठत नाही! त्यांच्याही फोनात तोच खेळ निघाला. सामना ठरला. जागा आमच्या पेठेतला दूध कट्टा, जिथं संध्याकाळी म्हशी आणून गिऱ्हाईकांसमोर धार काढून देतात. वेळ दिवेलागणीची. इनाम म्हणून जिंकणाऱ्याला चरवीभर धारोष्ण दूध आणि डोक्याला फेटा!

सामन्याच्याच दिवशी दुपारी सुनीचा मोठ्या फोनवरून फोन आला.

"आण्णा, तुमचं झक्कास चाललंय की! आई सांगत होती, हल्ली मिस कॉल वाजायच्या आत कट करता!"

"मग! हाय आपलं मजेत."

"मी जूनमध्ये कामावर रुजू होणार. बाळाला बघायला घरचं कुणीतरी पाहिजे. तुमची काही अडचण नसली तर आईला दिवाळीपर्यंत ठेवून घेऊ का?"

मी फोन या कानावरून त्या कानावर घेतला. "आई काय म्हणती?"

"आई म्हणते, त्यांना विचार. ते ये म्हणाले तर मी जाते."

दोन अक्षरंसुद्धा नव्हती. नुसतं 'ये'. आणि मी काय म्हणालो? मी म्हणालो, "माझं काय? ऱ्हाऊ दे की खुशाल!"

फोन ठेवला आणि मी खाटेवर बसलो. दिवाळी! पंचांग बघायचं धाडस झालं नाही. बसून बसून मी एकच निश्चय केला. आज संध्याकाळी मिस कॉल आला की कट करायचा नाही. वाजू द्यायचा. शेवटपर्यंत. मग ती फोन लावील, आणि मग काहीही झालं तरी ते वाक्य बोलून टाकायचं. तोंडातून येत नसेल तर हातानं ओढून काढायचं! एवढं ठरलं तेव्हा बरं वाटलं. आणि मग आठवलं की संध्याकाळी सामना आहे.

दूध कट्ट्यावर गेलो तर ही गर्दी! हलगी कडाडत होती. म्हशी बिथरल्या होत्या. गवळी ओरडत होता, "हलगी थांबवा रं, म्हस पान्हा चोरालीया!" वस्तादांनी माझ्या अंगठ्याला शेवटचं तेल चोळलं. "आण्णा, पेठंची अब्रू ह्या अंगठ्यात हाय."

मास्तरांनी शांतपणे बाण मारले. पिवळ्यात, पिवळ्यात, एखादा लालमध्ये. मग माझी पाळी. डावा पाय पुढं, छाती बाहेर. प्रत्येक बाणाला मागून कुणीतरी ओरडून सांगायचं कुठं लागला ते, कारण एवढ्याशा पडद्यावर बाकी कुणालाच काही दिसत नव्हतं! पेठ बेभान झाली होती. शेवटचा बाण राहिला. तो पिवळ्यात बसला तर मंगळवार पेठ जिंकणार होती. मी पाचाचं बटण दाबलं, दोरी ताणली.

किण!

पडद्यावर नाव आलं, सुनीता. कट्ट्यावरचे दिवे त्याच वेळी लागले होते.

"कट करा आण्णा! कट करा!" वस्ताद.

"कट! कट! कट!" पेठ.

अंगठा लाल बटणावर गेलाच होता. सवयीनं गेला होता. मी तो उचलला आणि हात आवळून धरला.

"न्हाई वस्ताद. वाजू दे."

"आवं, पुण्याचा मिस कॉल हाय न्हवं? रोजचाच की! पेठ बुडालीया हितं, कट करा!"

"आज न्हाई करायचा."

फोन वाजत राहिला. इतका वेळ मिस कॉल वाजतो हे मी विसरूनच गेलो होतो. हलगीवाला थांबला. म्हैससुद्धा वळून बघू लागली. मग फोन वाजून वाजून थांबला, खेळ मिटला, आणि पडद्यावर जावयांनी लावलेलं कमळाचं चित्र तेवढं उरलं.

शिवाजी पेठेनं अशी आरोळी ठोकली की दोन म्हशींनी दावी तोडली! मास्तरांना खांद्यावर घेतलं, गुलाल उधळला. माझं तिकडं लक्ष नव्हतं. मी फोन दोन्ही हातांत धरून उभा होतो, कारण आता तिचा फोन येणार होता. वाक्य जिभेवर तयार होतं. तेवढ्यात नाचणाऱ्या कुणाचा तरी खांदा माझ्या पाठीत बसला. तेलकट अंगठ्यातून फोन निसटला, वर उडाला, आणि बरोबर इनामाच्या चरवीत जाऊन पडला. धारोष्ण दुधात!

आणि तेव्हाच तो वाजला. दुधाच्या तळातून गुदमरलेला आवाज आला, एकदाच. वर दोन बुडबुडे आले आणि सगळं शांत झालं.

मी कोपरापर्यंत हात घातला. "दूध नासलं की वं!" मास्तर खांद्यावरून ओरडले. फोन निघाला, पण त्याच्यात जीव नव्हता. सगळे नंबर त्याच्याच पोटात. मला एकही पाठ नव्हता. वस्तादांनी तो माझ्या हातातून घेतला, "तालमीत नेऊन वाळवतो," म्हणाले, आणि पुढं माझ्याशी एक शब्द बोलले नाहीत. पेठही बोलली नाही. मी घरी गेलो आणि न जेवता झोपलो.

सकाळी मिशरी लावत दारात बसलो होतो तर गल्लीच्या तोंडाला जीप थांबली. त्यातून माझा मेव्हणा पांडबा उतरला, कोडोलीचा. मागून पाच-सहा माणसं, आणि शालनच्या दोन चुलत्या. चुलत्यांनी उतरतानाच पदर तोंडाला लावला होता.

"आवं माझ्या दाजीऽऽ, असं कसं झालं वंऽऽ!"

सगळी गल्ली बाहेर आली. मीही उठलो, कोण गेलं ते बघायला. पांडबानं मला बघितलं आणि तो जागीच थबकला.

"दाजी? जित्तं हायसा व्हय?"

"मग? काय झालंय मला?"

"आवं, अक्काचा काल फोन! म्हणली, रोज झटक्यात कट करणारा माणूस, आज वाजू दिला, आन आता फोन बंदच लागतोय! सुनी रडालीया, अक्का रातच्या एस्टीत बसली! आमी म्हटलं, संपलं!" चुलत्यांनी पदर खाली घेतला. एक जण हळूच म्हणाली, "जीपचं डिझेल गेलं की."

तेवढ्यात रिक्षा आली. शालन उतरली. एस्टीत रात्रभर जागी असल्याचं तिच्या डोळ्यांवरून दिसत होतं. तिनं माझ्या डोक्यापासून पायापर्यंत बघितलं, माझा हात धरून दाबून बघितला. "काय झालतं?"

मी तोंड उघडणार तेवढ्यात, नको त्या वेळी, दत्तू वस्ताद मोबाइलचे सुटे भाग फडक्यात बांधून घेऊन आले. त्यांनी कुणाकडं बघितलंच नाही.

"आण्णा, रातभर झोप न्हाई मला. एकच सांगा. इतकं दीस खेळापायी फोन कट करत आलासा. मग ऐन शेवटच्या बाणाला का न्हाई केलासा?"

शालननं माझा हात सोडला.

"खेळापायी?" ती म्हणाली. "रोज कट करत हुता ते खेळापायी? मजेत हुता म्हणून न्हवं?"

मी मिशरीची बोटं पुसू लागलो.

"मी रोज दिवा लावून फोन धरून बसायचे," तिचा आवाज फाटला. "म्हणायचे, आज तरी वाजू देतील. आज तरी म्हणतील, ये म्हणून. पहिल्या किणीलाच कट! सुनीला म्हटलं मी, तुझ्या बाला माझी गरजच न्हाई ऱ्हायली बग. ऱ्हाते हितंच!"

तेवढ्यात पांडबाच्या खिशातला मोबाइल वाजला. सुनी. त्यानं तिला मी जिवंत असल्याचं सांगितलं, दोनदा सांगितलं, मग फोन माझ्यापुढं धरला. "दाजी, सुनी इचारतीया, सगळं बरं हाय तर आईला परत कवा धाडताय? दिवाळीपतोर ऱ्हायचं ठरलंय न्हवं?"

दारात सगळी कोडोली उभी. मागं मंगळवार पेठ. कडेला वस्ताद. शालन मात्र माझ्याकडं न बघता पिशवीचा बंद पुन्हा बांधत होती, परत निघाल्यासारखा. मिशरीनं काळं झालेलं माझं तोंड मी फोनजवळ नेलं आणि एवढ्या मोठ्यानं ओरडलो की फोन नसता तरी पुण्यात ऐकू गेलं असतं.

"न्हाई धाडत! मला करमत न्हाई!"

सगळे पुरुष एकदम खाली बघू लागले. पांडबा उगाच जीपच्या टायरला लाथ मारून आला. चुलत्यांनी पुन्हा पदर तोंडाला लावला, पण या वेळी हसू दाबायला. शालन लाल होऊन घरात पळाली. आतून भांड्यांचा आवाज आला आणि मग तिचा.

"बोलायची येळ बगा मेल्याची! चारचौघांत! आता येवढ्या माणसांचा च्या कोण टाकणार?"

पण तिनं टाकला. पुढं सुनीला बाळासाठी बाई मिळाली, शालन परत गेली नाही. त्या सकाळी दत्तू वस्तादांनी बशीतला चहा एका घोटात संपवला. मग म्हणाले, "आण्णा, हेच आदी बोलला असता तर काल पेठ हरली नसती."

खरं होतं. शब्द तीनच होते. तेवढे तोंडातून बाहेर काढायला मला एक मोबाइल, एक चरवी दूध आणि अख्खी मंगळवार पेठ घालवावी लागली.